कार्लाइल, १९०७: एका चिडलेल्या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार.

कार्लाइल इंडियन स्कूलच्या १९०७ च्या अमेरिकन फुटबॉल हंगामावरच्या माझ्या लेखावर तुम्ही दिलेली प्रतिक्रिया रागाने लिहिलेली आहे, पण मुद्द्याची आहे, म्हणून उत्तर ऐसपैस देतो. तुमचे आक्षेप चार. कार्लाइल हे कॉलेज नव्हतंच. फॉरवर्ड पासचं (चेंडू हाताने पुढे फेकण्याचं) श्रेय नोटर डेम विद्यापीठाचं, ते मी भलत्याच्याच पदरात टाकलं. शिकागोविरुद्धचा तो डाव म्हणजे निव्वळ लबाडी. आणि ज्या शाळेने मूलनिवासी मुलांची भाषा, केस आणि नावंसुद्धा काढून घेतली, तिच्या फुटबॉलचं कौतुक करणंच मुळात चूक.

पहिला मुद्दा चटकन संपवतो. पेनसिल्व्हेनियातली कार्लाइल इंडियन स्कूल ही अमेरिकेतल्या मूलनिवासी (‘इंडियन’) मुलांसाठीची सरकारी निवासी शाळा होती, पदवी देत नव्हती, हे खरंच. पण १९०७ च्या हंगामात तिच्यासमोर उतरले ते हार्वर्ड, प्रिन्स्टन, पेन (पेनसिल्व्हेनिया विद्यापीठ), मिनेसोटा आणि शिकागो. त्यांना हा सामना कॉलेजचाच वाटत होता. तिकिटांच्या पैशांत वाटा घेताना कुणी पदवी विचारल्याचं दिसत नाही.

आता पास. नोटर डेमने १ नोव्हेंबर १९१३ ला आर्मीला (लष्करी अकादमीच्या संघाला) ३५-१३ असं लोळवलं, डोराइसने फेकलेले चेंडू रॉकनीने झेलले, आणि न्यूयॉर्कच्या वर्तमानपत्रांनी ते उचलून धरलं. म्हणून ते सगळ्यांच्या लक्षात राहिलं. पण फॉरवर्ड पास नियमात बसला तो १९०६ मध्येच. त्याआधीच्या हंगामाच्या सुरुवातीलाच, खेळातल्या हाणामारीमुळे, राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्टने हार्वर्ड, येल, प्रिन्स्टनच्या मंडळींना व्हाइट हाउसमध्ये बोलावून घेतलं, तरी त्या हंगामात खेळताना कितीतरी मुलं दगावली. पुढे नियम बदलले, पास आला, पण परवानगी देणाऱ्यांचाच त्यावर भरवसा नव्हता. १९०७ मध्ये पहिल्या किंवा दुसऱ्या प्रयत्नात पास हुकला की संघ १५ यार्ड मागे. एवढा दंड असल्यावर धिप्पाड गडी पदरी असलेले संघ कशाला त्या भानगडीत पडतील? एकमेकांना खेटून रेटारेटी करण्यातच त्यांचा फायदा होता. कार्लाइलचे गडी अंगाने हलके. रेटारेटीत ते चिरडले गेले असते. त्या वर्षी पॉप वॉर्नर प्रशिक्षक म्हणून परत आला आणि त्याने दंडाची जोखीम पत्करून पासवरच भिस्त ठेवली.

२६ ऑक्टोबरला फ्रँकलिन फील्डवर पेनला त्याचा हिसका बसला. कार्लाइलचा फुलबॅक पीट हाउझर याने जवळपास ४० यार्डांचा पास टाकला आणि गार्डनरने तो पळता पळता झेलला. निकाल २६-६. त्या हंगामात पेन फक्त हा एकच सामना हरलं. नोटर डेमच्या सहा वर्षं आधीची ही गोष्ट. कार्लाइलही अजिंक्य नव्हतं, हे मूळ लेखात आहेच: पुढच्याच आठवड्यात प्रिन्स्टनने पावसात १६-० असं हरवलं. ओला, जड चेंडू फेकणार कसा? त्यानंतर मात्र ओळीने हार्वर्ड २३-१५, मिनेसोटा १२-१० आणि २३ नोव्हेंबरला शिकागो. अकरा सामन्यांत दहा विजय.

तुम्ही ज्याला लबाडी म्हणता तो डाव या शिकागोच्या सामन्यातला. शिकागोचा प्रशिक्षक स्टॅग कच्चा नव्हता. कार्लाइलचे पास त्यांच्या दोन्ही टोकांचे गडी झेलतात हे त्याने हेरलं होतं, म्हणून त्यांना सुरुवातीलाच धक्के देऊन पाडायचा बंदोबस्त केला होता. मग अल्बर्ट एक्झेंडाइन काय करतो? कार्लाइलचा हा टोकाचा गडी सरळ मैदानाच्या कडेच्या रेषेबाहेर पडतो, शिकागोच्या बाकामागून धावत पुढे जातो आणि बऱ्याच अंतरावर पुन्हा मैदानात शिरतो. तेवढा वेळ हाउझर अंगावर येणाऱ्यांना चुकवत चेंडू धरून ठेवतो, आणि मग लांबच लांब फेकतो. टचडाउन (चेंडू विरोधी संघाच्या टोकाच्या रेषेपार गेला की मिळणारे गुण). त्या वेळच्या नियमांत याला मनाई नव्हती. लाइनवर आडव्या येणाऱ्याला धडका देऊन झोपवणं ‘मर्दानी खेळ’, आणि त्याला वळसा घालून जाणं लबाडी, हा न्याय मला पटत नाही. शिवाय १८-४ मधले बारा गुण हाउझरच्या तीन फील्ड गोलचे होते (म्हणजे चेंडू लाथेने खांबांमधून मारणं; तेव्हा एका गोलला चार गुण मिळत), तेव्हा निकाल काही त्या एका डावावर लागलेला नाही.

राहिला मोठा आक्षेप. शाळेचा संस्थापक प्रॅट याने १८९२ मध्ये सांगून टाकलं होतं: इंडियनातला इंडियन मारा आणि माणूस वाचवा. तिथल्या दफनभूमीत मुलांच्या थडग्यांच्या रांगा आहेत. यातलं काहीच मी झाकलेलं नाही. पण तुमच्या म्हणण्याप्रमाणे हंगाम गाळून फक्त अत्याचार सांगायचे, तर हाउझर आणि एक्झेंडाइन यांनी डोकं लढवून जे केलं तेही पुसावं लागेल. त्या वेळची वर्तमानपत्रं त्यांच्या सामन्यांच्या बातम्या युद्धाच्या आरोळ्या आणि टाळू कापण्याच्या विनोदांनी सजवत. आपण त्यांना केवळ बिचारे ठरवलं, तरी माणूस म्हणून ते दिसत नाहीतच. हाच एक्झेंडाइन पुढे कायद्याचा पदवीधर झाला आणि जॉर्जटाउन विद्यापीठाच्या संघाचा प्रशिक्षकही.

शाळेने या मुलांच्या जिवावर पैसा कमावला, हे तुमचं म्हणणं मात्र शंभर टक्के खरं आहे. मोठे सामने बहुतेक सगळे परगावी होत, कारण गर्दी आणि गल्ला तिथे. १९१४ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या (संसदेच्या) समितीने चौकशी केली तेव्हा खेळनिधीचे व्यवहार उघड्यावर आले. चौकशीची मागणी करणाऱ्या अर्जावर विद्यार्थ्यांच्या सह्या गोळा करण्यात पुढे होता गस वेल्च, वॉर्नरच्याच संघाचा क्वार्टरबॅक. वॉर्नरच्या शिवीगाळीबद्दल खेळाडूंनी साक्षी दिल्या. त्याच वर्षानंतर वॉर्नर गेला आणि १९१८ मध्ये शाळाच बंद झाली.

जाता जाता तुम्ही विचारलंय की कार्लाइलचा गाजलेला खेळाडू जिम थॉर्प लेखात इतका कमी का. कारण १९०७ मध्ये तो राखीव खेळाडू होता. पेनच्या सामन्यात पेन नावाचाच नियमित गडी जखमी झाला (अल्बर्ट पेन, विद्यापीठाशी संबंध नाही), तेव्हा थॉर्पला मैदानात उतरवलं. त्याचे गाजलेले हंगाम १९११ आणि १९१२ चे. त्यांवर वेगळा लेख लिहितोय, तिथेही असंच भांडायला या.