रातांब्याची रोपं बीपासून नकोत, कलमंच लावा

कोकम लागवडीवरच्या एका लेखात कोकमाची, म्हणजे रातांब्याची रोपं बियांपासून करा असं सुचवलंय. लागवड फळांसाठी असेल तर हा सल्ला महागात पडेल. रातांब्यात नर आणि मादी झाडं वेगळी असतात. बीपासूनची साधारण निम्मी झाडं नर निघतात आणि ते कळतं सहा-सात वर्षांनी, पहिल्या फुलोऱ्यात. तोवर खत, पाणी, जागा सगळं गेलेलं असतं.

म्हणून खात्रीच्या मादी झाडाची मृदकाष्ठ कलमं (कोवळ्या रोपावर त्या झाडाची काडी बांधून केलेली) घ्या. मात्र काडी सरळ वर जाणाऱ्या फांदीचीच हवी. आडव्या फांदीची काडी बांधली तर झाड उंच न होता जमिनीलगत पसरतं. कितीही छाटलं तरी सुधारत नाही. रोपवाटिकेत हे जरूर विचारा, कारण आडव्या काड्या मुबलक मिळतात. दहा मादी झाडांमागे एक नर ठेवा, तोही बागेत विखरून.

जातींत दापोली कृषी विद्यापीठाची 'कोकण अमृता' चांगली. ती लवकर तयार होते आणि बरीच फळं पावसाआधी हाती येतात. जूनमध्ये भिजलेला रातांबा सुकवताना बुरशी धरतो.

मँगोस्टीन हे फळझाड कोकमाच्याच गार्सिनिया प्रजातीतलं, पण त्याला नर लागत नाही. बीपासूनचं रोपही आईसारखंच निघतं.