पालीचं व्होल्टेज

परवा मंडळाच्या दिवाळी फराळाला चकलीचा पहिला तुकडा तोडतोय, तोच एका अनोळखी गृहस्थांनी खांद्यावर हात ठेवला. "तुम्हीच ना ते पालवाले? नानांनी तुमच्या पालीच्या घरातला फॉल्ट काढून दिला म्हणे!" शेजारच्या दोन वहिनी वळून बघायला लागल्या. मी हसलो. चकली मऊ पडली होती, हेही नोंदवून ठेवतो.

फॉल्ट नव्हता. हे एकदा लेखी द्यायचं आहे.

नाना म्हणजे मित्राचे वडील. मिरजेचे, वीज मंडळातून निवृत्त, सहा महिन्यांच्या व्हिसावर इंग्लंडात आलेले. मुलगा-सून कामावर गेले की माकडटोपी चढवून आमच्याकडे येतात. त्या दिवशी आले तेव्हा दिवाणखान्यात लेपर्ड गेको नावाची पाळीव पाल ठेवायची पेटी चालू होती. ३ फूट लांब, दीड फूट खोल, दीड फूट उंच, लाकडाची, पुढे सरकत्या काचा. एका प्रौढ लेपर्ड गेकोला यापेक्षा लहान पेटी देऊ नये, मोठी दिली तर उत्तम. आत दिवा, फरशी, माती, पाण्याची वाटी, सगळं जागच्या जागी. फक्त गेको नव्हता. प्राणी आणायच्या आधी निदान आठवडाभर पेटी रिकामी चालवायची असते. दिवसाचे-रात्रीचे आकडे टिपायचे, ते स्थिरावले की मग पाहुण्याला आणायचं. लोक पेटी आणि प्राणी एकाच शनिवारी, एकाच पिशवीतून आणतात आणि बुधवारी विचारतात, हा खात का नाही?

नानांनी खुर्ची ओढली, चष्मा लावला आणि काचेला नाक लावून बसले. बराच वेळ.

"लाजाळू दिसतेय."

"कोण?"

"पाल."

"नाना, अजून आणलेली नाही."

"मग दिवा कोणासाठी?"

"पेटी तापायला."

"ते कळलं. कोणासाठी?"

मी समजावलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, उठले आणि खिडकीखालच्या रेडिएटरला हात लावला. गार. आमच्याकडे हीटिंग संध्याकाळी लागतं. दिवसा घर १८ अंशांवर असतं आणि आम्ही स्वेटरवर भागवतो.

"म्हणजे माणसं १८ वर, आणि जी आलेलीच नाही तिला?"

"३४."

नाना काही बोलले नाहीत. खुर्ची आणखी पुढे ओढली आणि दोन्ही तळवे पेटीच्या जाळीपाशी धरून शेकत बसले. वर म्हणाले, "मिरजेत ट्यूबलाइटमागे राहतात रे. पिढ्यान्‌पिढ्या. कोणी थर्मामीटर लावला?"

इथेच सगळी गोची आहे. ट्यूबलाइटमागची पाल आपली आपण ऊब शोधते. नको झाली की कपाटामागे जाते, अख्खं घर तिचं. पेटीतल्या गेकोला ३ फुटांतच उन्हाळा आणि सावली दोन्ही मिळाले पाहिजेत. त्याच्या अंगात स्वतःची भट्टी नसते. खाल्लेलं पचवायलासुद्धा बाहेरची ऊब लागते. म्हणून एका टोकाला दिव्याखाली स्लेटची फरशी, तिचा पृष्ठभाग ३२ ते ३५ अंश. दुसऱ्या टोकाला २२ ते २५. रात्री दिवे बंद, पेटी १८-२० पर्यंत उतरली तरी चालते. अफगाणिस्तान, पाकिस्तान आणि वायव्य भारताच्या खडकाळ, कोरड्या भागातला हा प्राणी, त्याला गार रात्री नव्या नाहीत. लाल दिवा मात्र रात्री लावू नये. त्याला तो दिसतो, आणि दिवस-रात्रीचं चक्र मोडतं.

ऊब देतो तो ७५ वॉटचा हॅलोजन. सिरॅमिक होल्डरमध्ये, भोवती तारेचा पिंजरा, कारण लाकडी पेटीत दिवा आतच असतो आणि गेकोचं अंग उष्ण काचेला लागलं तर भाजतं. त्याला डिमिंग थर्मोस्टॅट. साधा चालू-बंद करणारा हॅलोजनला लावला तर दिवा दिवसभर डोळे मिचकावतो आणि लवकर जातो. डिमिंगवाला प्रोबने, म्हणजे वायरच्या टोकावरच्या तापमापीने, तापमान बघतो आणि दिव्याचा जोर हळूहळू कमी-जास्त करतो. ३४ अंश झाले की तार नुसती नारिंगी दिसते आणि कान दिला तर बारीक गुणगुण ऐकू येते.

नानांनी कान दिला.

"व्होल्टेज पडतंय," ते म्हणाले.

"नाही नाना, तो थर्मोस्टॅट—"

"अरे, ३६ वर्षं हेच केलं. हा आवाज मी झोपेत ओळखतो. न्यूट्रल लूज आहे तुझा."

मी प्रोब दाखवला, आकडा दाखवला, ते मान हलवत राहिले. नवीन ज्युनिअर इंजिनीअरचं बोलणं ऐकताना हलवत असतील तशी. मी चहा टाकायला आत गेलो.

बाहेर आलो तर हॅलोजन लग्नाच्या मांडवासारखा लखलखत होता. नाना कमरेवर हात ठेवून उभे, चेहऱ्यावर अख्ख्या तालुक्याची लाइट आणल्याचं समाधान. "बघ! आलं व्होल्टेज!" प्रोब गालिच्यावर पडला होता. "ही एक वायर उगाच आत लोंबत होती. क्लिप घट्ट होती, किल्लीनं काढली."

तर कारण असं. प्रोब बाहेर आला की त्याला लागते खोलीची हवा, १८ अंश. थर्मोस्टॅटला वाटतं पेटी गारठली. तो दिवा पूर्ण सोडतो. खोली काही ३४ होत नाही, म्हणून दिवा कमीच होत नाही. मी इन्फ्रारेड थर्मामीटर फरशीवर रोखला: ५१. दुसऱ्या टोकाला ३३ आणि चढतंच होतं. म्हणजे पळून जायला जागा उरली नाही. आत प्राणी असता तर? मी ओरडलो नाही, नाना वडिलधारे. नुसता "ओहो" म्हणालो. पण राग आला, आणि अजून आहे.

म्हणून सांगतो. प्रोब दिव्याखालच्या फरशीशी, प्राणी बसतो त्या उंचीला लावा. सोबत मिळतं ते रबरी सक्शन लावू नका. उबेनं सैल होतं, पडतं, आणि नानांशिवायही हेच घडतं. क्लिप लाकडात स्क्रूनं मारा. वायर भोकातून बाहेर येते तिथेही दुसरी क्लिप, म्हणजे बाहेरून ओढली तरी आतलं टोक हलणार नाही. आकडा ठरावीक मर्यादेपुढे गेला की बोंब मारणारा थर्मोस्टॅट मिळतो, चार पैसे जास्त पडतात, द्यावेत.

पण हे पैसे कोण देणार, कारण दुकानात 'स्टार्टर किट' नावाची गोष्ट असते. खोक्यावर हसरा गेको. आत असते दोन फुटी पेटी, हीट मॅट म्हणजे विजेवर तापणारी चटई, गोल काट्याचा चिकटवायचा थर्मामीटर, जो पाच-सहा अंश सहज इकडेतिकडे दाखवतो, आणि पिशवीभर रंगीत कॅल्शियम वाळू. थर्मोस्टॅट नसतो. विनाथर्मोस्टॅट हीट मॅट म्हणजे भाजण्याची सोय. तो वेगळा विकत घ्यायचा असतो, हे खोक्याच्या तळाशी मुंगीच्या अक्षरात. त्या वाळूत कॅल्शियम आहे म्हणून प्राणी ती चाटतो, पोटात गोळा होतो, आणि मग डॉक्टरची फी. विकणाऱ्याला हे ठाऊक नसतं असं म्हणवत नाही.

जमिनीला माझ्या मते खत-औषध नसलेली साधी वरची माती ७० टक्के आणि मुलांच्या खेळायची धुतलेली वाळू ३० टक्के. ओलवून दाबायची, सुकू द्यायची, दोन-तीन इंच थर. नवीन आणलेल्या प्राण्याला पहिले काही आठवडे मात्र नुसता किचन पेपर, म्हणजे विष्ठा दिसते आणि जंतांची तपासणी करता येते. जड दगड मातीवर ठेवायचे नाहीत, पेटीच्या तळावर ठेवून भोवती माती भरायची. गेको खाली उकरतो आणि दगड त्याच्यावर बसतो.

लपायला तीन जागा. एक उबेत, एक गारव्यात आणि मधली ओलसर, आत भिजवून पिळलेलं स्फॅग्नम मॉस, म्हणजे पाणी धरणारं शेवाळ. तिसरी लोक वगळतात. कात टाकताना बोटांच्या टोकाला कातडीची कडी अडकून राहते, ती आवळते, रक्त थांबतं, बोट झडतं. एक झाकणाचा डबा आणि मूठभर मॉस एवढ्यावर हे टळतं. बाकी पेटी कोरडीच, आर्द्रता ३० ते ४० टक्के.

यूव्हीबी, म्हणजे अतिनील किरणांची, ट्यूब मंद जातीची, छतावर आतून लावायची. काचेतून यूव्हीबी येत नाही. वर्षानं ट्यूब बदलायची, उजेड दिसत असला तरी. कामाचा भाग आधी संपतो.

नानांचा पुढचा प्रश्न पंचांगातला होता. ही अंगावर पडली तर पल्लीपतनाचं फळ लागू होतं का? उजव्या अंगावर पडली तर पुरुषाला शुभ, एवढं त्यांना पाठ होतं. म्हटलं, ही पडतच नाही. घरातल्या पालीच्या बोटांखाली चिकटायच्या पट्ट्या असतात, हिला नुसती नखं. भिंतीवर, काचेवर चढताच येत नाही. पापण्यासुद्धा आहेत, डोळे मिटून झोपते. नाना जरा खट्टू झाले. पडण्याची शक्यता नसलेल्या पालीत त्यांना रस उरला नाही.

मग हिशोब. ७५ वॉट, १२ तास, "पॉइंट नऊ युनिट. रोज." डिमिंगमुळे त्याहून कमीच, मी म्हणालो, त्यांनी ऐकलं नाही. युनिटचा दर विचारला, पेन्सचे रुपये केले, तीसनं गुणलं. "सात-आठशे रुपये महिना. आणि भाडं काही देते का?"

"नाही."

"खाते काय?"

मी डबा दाखवला. भोकाच्या झाकणाखाली टोळ, आकार बघून निवडलेले, कारण गेकोच्या दोन डोळ्यांमधल्या अंतरापेक्षा मोठा किडा द्यायचा नसतो. आदल्या दिवशी त्यांना गाजर-पालेभाजी चारायची, देताना वर कॅल्शियमची पूड भुरभुरायची. उरलेले रात्री पेटीत ठेवायचे नाहीत, विशेषतः रातकिडे. ते गेकोलाच चावतात.

"हे विकत?"

"हो. तीन-साडेतीन पौंडाला डबा."

नानांनी डबा उजेडात धरून हलवला. २०२० साली विदर्भात टोळधाड आली होती, त्यांचे मेहुणे अमरावतीला आहेत. त्यांनी तिथल्या तिथे व्हिडिओ कॉल लावला, टोळ दाखवले, भाव सांगितला. मेहुणे बराच वेळ हसले. मग त्यांनी विचारलं की पुढच्या खेपेला टोळ आले तर पाठवायला पोती लागतील की खोकी. मी सांगितलं की औषध फवारलेले टोळ चालत नाहीत.

"बिनफवारणीचे पाठवू," मेहुणे म्हणाले. "पण भाव जरा वर जाईल."