थ्रीडीएसवरील गेम बॉय अ‍ॅडव्हान्सच्या खेळांबाबत खुलासा

मॉडिफाय केलेल्या निन्टेन्डो थ्रीडीएस या हातातल्या गेम कन्सोलवर त्याच कंपनीच्या जुन्या कन्सोलचे, म्हणजे गेम बॉय अ‍ॅडव्हान्सचे खेळ केवळ इम्युलेटरवरच (जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरवरच) चालतात, हा सध्या फिरणारा दावा चुकीचा आहे. अ‍ॅडव्हान्समध्ये होता त्याच घराण्यातला एआरएम-७ प्रोसेसर थ्रीडीएसमध्येही असल्यामुळे हे खेळ थेट हार्डवेअरवर चालवता येतात. निन्टेन्डोने २०११ मध्ये थ्रीडीएसच्या सुरुवातीच्या ग्राहकांना दिलेले दहा खेळही याच मार्गाने चालत. हे खेळ चालू असताना थ्रीडीएसचे स्लीप मोड आणि होम मेनू मिळत नाहीत, ते त्यामुळेच. साध्या गेम बॉयचे खेळ मात्र इम्युलेटरवरच चालतात. गोंधळ बहुधा तिथूनच झाला असावा. चित्र धूसर दिसते, ही तक्रार खरी आहे. पण २४०×१६० पिक्सेलचे चित्र थ्रीडीएसच्या मोठ्या पडद्यासाठी दीडपट ताणल्यावर दुसरे काय होणार?