कॅमेरामन नुसता कॅमेरा लावतो? (एका प्रतिक्रियेला उत्तर)

नमस्कार,

युगोस्लाव्ह दिग्दर्शक दुशान मकावेयेवच्या चित्रपटांच्या छायाचित्रणावरच्या माझ्या लेखाला तुम्ही दिलेली प्रतिक्रिया झणझणीत आहे, पण एक मुद्दा तुमचाच बरोबर. त्याच्या 'डब्ल्यू. आर.' (१९७१) चं सगळं छायाचित्रण मी छायालेखक अलेक्सांदर पेत्कोविचच्या खात्यावर जमा केलं होतं. श्रेयनामावलीत प्रेद्राग पोपोविचचंही नाव आहे. लेखात दुरुस्ती केली.

"दिग्दर्शक सांगेल तिथे कॅमेरा लावायचा, एवढंच त्याचं काम, मकावेयेवची सगळी करामत संकलनाच्या टेबलावरची," असं तुम्ही लिहिलंत. इथे मात्र मी अडून बसणार.

मकावेयेवचा १९६७ चा चित्रपट घ्या, टेलिफोन ऑपरेटर इझाबेलाचा. लैंगिकशास्त्राचे खरेखुरे प्राध्यापक डॉ. कोस्तिच त्यात चक्क व्याख्यान देतात. पुढे गुन्हेशास्त्रज्ञ येतो, शवविच्छेदन येतं, चर्चचे कळस पाडतानाची जुनी सोव्हिएत दृश्यं येतात. या सगळ्या गदारोळात इझाबेला आणि उंदरांचा बंदोबस्त करणारा अहमद यांचा संसार. कात्री मकावेयेवची, कबूल. पण कथेचा भाग गुळगुळीत, सजवलेला दिसला असता तर व्याख्यानाशेजारी तो लगेच खोटा पडला असता. पेत्कोविच तो तसा दिसू देत नाही. इझाबेला स्ट्रूडेलसाठी (सारण भरून गुंडाळलेला भाजका पदार्थ) कणीक ताणते ते आठवा. पुरणाच्या मांड्यासारखी पातळ होत ती टेबलभर पसरते आणि आपण स्वयंपाक बघावा तसे बघत राहतो. कृष्णधवल चित्रात ती पांढरी कणीक आणि तिचे हात, बस्स. पलंगावर पालथी पडलेली इझाबेला आणि ते काळं मांजर, ही चौकट तर कथा विसरलेल्यांनाही आठवते. (मांजराला कुणी काय सांगितलं होतं, देव जाणे!)

तुमच्या बाजूचा एक पुरावा मीच देतो, तुमच्याकडून राहिला. पुढच्याच वर्षीच्या 'नेविनोस्त बेझ झाश्तिते'ला कॅमेरा ब्रांको पेराकचा होता, आणि बर्लिनच्या महोत्सवात त्या चित्रपटाला बक्षीसही मिळालं. म्हणजे मकावेयेवचं पेत्कोविचवाचून अडलं नाही. पण मी तसं म्हटलंच नव्हतं. 'अमुक चित्रपट असा का दिसतो' एवढंच विचारलं होतं.

मकावेयेवच्याच 'चोवेक निये तित्सा'तला (१९६५) कारखाना सेट वाटला म्हणालात. तो चित्रपट जिथे घडतो ते बोर हे पूर्व सर्बियातलं तांब्याच्या खाणींचं खरं गाव आहे. त्या कारखान्यात बेथोव्हेनची नववी सिंफनी वाजते, तेव्हा समोर बसलेल्या कामगारांचे चेहरे एकदा थांबवून बघा. मग सेटबद्दल पुन्हा बोलू.