ठेवी गावाबाहेर जातात, मग? – एका प्रतिक्रियेला उत्तर

चिकोडीकर वाचकमहोदय,

राष्ट्रीयीकृत बँकांवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, "आमच्या ठेवी गोळा करून मुंबई-बेंगळूरला पाठवतात, त्यापेक्षा गावची पतसंस्था बरी." वर मला 'बँकांचा भाट' म्हणून मोकळे झालात. मुद्दा एका ओळीचा, शेलकी विशेषणं चार! ज्याची उभी नोकरी पीककर्जाच्या फायली तपासण्यात गेली, त्याला भाट म्हणण्याआधी लेख तरी पुरता वाचायचा.

बँकेचा अर्ज मराठीत मिळत नाही, ही तुमची दुसरी तक्रार मात्र रास्त.

आता ठेवींचं. आपल्या बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरच्या भातवाल्याला बी-खताला पैसा लागतो मे-जूनमध्ये. शेजाऱ्यालाही तेव्हाच. गावच्या संस्थेत ठेवी याच मंडळींच्या, म्हणजे ठेव काढणारे आणि कर्ज मागणारे एकाच आठवड्यात दारात. संस्था कितीही प्रामाणिक असो, तिजोरी आटणारच. देशभर शाखा असलेली बँक त्या महिन्यात दुसरीकडची पगारदारांची ठेव इकडे वळवते. ऊसबिलं जमा झाली की अथणी-चिकोडीची ठेव तिकडे जाते. तुम्हाला फक्त जाताना दिसते.

बँकेला मोकळं रानही नाही. निव्वळ कर्जाच्या 40 टक्के प्राधान्य क्षेत्राला, म्हणजे शेती, छोटे उद्योग अशांना द्यावेच लागतात; त्यात 18 टक्के शेतीला, त्यातले 10 लहान व सीमांत शेतकऱ्यांना (टक्के सगळे एकूण कर्जाचेच). कमी पडलं तर तुटीची रक्कम कमी व्याजावर नाबार्ड या शेती-ग्रामविकासाच्या राष्ट्रीय बँकेच्या ग्रामीण पायाभूत निधीसारख्या ठिकाणी ठेवावी लागते. रस्ते-पूल-बंधाऱ्यांना राज्यं त्यातूनच कर्ज घेतात. हे देशाचं गणित झालं. जिल्ह्याचं कर्ज-ठेव प्रमाण, म्हणजे तिथल्या ठेवींच्या तुलनेत तिथं वाटलेलं कर्ज, 40 टक्क्यांखाली गेलं, तर बँकांच्या जिल्हा समितीला खास उपसमिती नेमावी लागते.

शेतकऱ्याच्या हातात काय पडतं? समजा पिकाचा कर्जदर (व्याज नव्हे, एकरी किती कर्ज द्यायचं ती ठरलेली रक्कम) 40 हजार, शेत 2 एकर. 80 हजार, त्यावर घरखर्च-काढणीपश्चात 10 टक्के, अवजारांच्या देखभालीला 20 टक्के. पहिल्या वर्षी पीककर्जाची मर्यादा 1,04,000. दोन लाखांपर्यंत तारण नाही. व्याज 7 टक्के, मुदतीत फेडलं तर 4. अडतं कुठं? उताऱ्यावर अजून आजोबांचं नाव, वारसा नोंदच नाही. किंवा मुदत टळते आणि सवलत जाते. मग हातउसने आणून खातं 'नवं-जुनं' करायचं, म्हणजे जुनं फेडून लगेच नवं कर्ज उचलायचं, आणि वर शिव्या बँकेला.

बड्या थकबाकीदारांची यादी तुम्ही जोडलीत. तिचा पीककर्जाशी संबंध तुम्हीच जाणे.

आणि पतसंस्थेत खुशाल ठेवा. फक्त 5 लाखांचा ठेव विमा तिथं लागू नाही, एवढं पासबुक काढताना लक्षात असू द्या.