'सून'मधलं गप्प राहणं इतकं सोपं नव्हतं

'सून' या सोव्हिएत काळातल्या तुर्कमेन चित्रपटाच्या नायिका, अभिनेत्री माया-गोझेल आयमेदोवा, यांच्याबद्दल एक वाक्य बरंच फिरतं: "दिग्दर्शक नवऱ्याने पुढे आणलेली मॉस्कोची बाहुली, 'सून'मध्ये नुसती गप्प राहून बक्षीस घेतलं आणि मग गायब." एका वाक्यात चार दावे आहेत आणि चारही लंगडे.

नवऱ्याने पुढे आणलं म्हणावं, तर सालं जुळत नाहीत. १९४१ साली तुर्कमेनिस्तानची राजधानी अश्गाबातला जन्मलेल्या आयमेदोवा १९६४ मध्ये मॉस्कोच्या गितिस नाट्यसंस्थेतून शिकून बाहेर पडल्या. पती खोजाकुली नार्लिएव तेव्हा मुख्यतः कॅमेरामन होते. १९६३ च्या 'स्पर्धा' या चित्रपटाचं छायाचित्रण त्यांचंच. त्यांनी दिग्दर्शित केलेला 'सून' आला १९७२ मध्ये. गाजलेल्या भूमिका नार्लिएवांच्याच चित्रपटांतल्या, हे कबूल. पण कॅमेऱ्यासमोर उभी राहिली ती रीतसर शिकलेली नटी होती.

'मॉस्कोची'? शिक्षण तिथलं, एवढंच. हा शेरा मारायचाच तर १९४० च्या 'दुर्सुन' या चित्रपटावर मारा. त्यात तुर्कमेन नायिकेचं काम नीना आलिसोवा यांनी केलं, आणि त्या तुर्कमेन नव्हत्या. 'सून' मात्र तुर्कमेनफिल्म या तिथल्याच स्टुडिओचा, काराकुमच्या वाळवंटात घडणारा, आणि नायिकाही तिथलीच.

आता गप्प राहण्याबद्दल. 'सून'ची नायिका ओगुलकेयिक, तिचा वैमानिक नवरा दुसऱ्या महायुद्धात गेला तो परतलेलाच नाही. वाळवंटात ती आणि म्हातारा सासरा, दोघंच. तुर्कमेन घरात सुनेसाठी 'याशमाक'ची रीत असते: डोक्यावरच्या रुमालाचं टोक तोंडावर ओढून ओठांत धरायचं आणि सासऱ्यासमोर, वडीलधाऱ्यांसमोर बोलायचं नाही. आपल्याकडच्या पदराची आठवण होईल. पण पदर डोक्यावर असतो, याशमाक थेट तोंड बंद करतो. म्हणजे नटीच्या हातून संवाद गेले आणि अर्धा चेहराही झाकला गेला. उरले डोळे, खांदे, हात आणि चालण्याचा वेग. यातलं एकही जरा जास्त झालं की मूकनाट्य होतं, कमी पडलं की पडद्यावर नुसती कामं करणारी बाई उरते. मधली रेघ फार बारीक आहे. विश्वास बसत नसेल तर आवाज बंद करून दहा मिनिटं बघा: सासरा समोर असताना तिची मान कुठे असते, आणि एकटी असताना कुठे. शिवाय सोव्हिएत संघभर दाखवताना असे चित्रपट सर्रास रशियनमध्ये डब होत. तिथे ऐकू येणारा आवाज परक्याचा असू शकतो, डोळे आणि हात मात्र नटीचेच. १९७३ चं सोव्हिएत राज्य पारितोषिक मिळालं ते याच भूमिकेला.

'गायब' तर अगदीच हास्यास्पद. 'स्त्री घोड्यावर स्वार होते तेव्हा', 'नाही म्हणायला शीक' (१९७६), 'जमालचं झाड' (१९८०). १९८७ मध्ये सोव्हिएत संघाची लोककलाकार ही पदवी, जी त्या व्यवस्थेत कलाकाराला मिळणारी सर्वोच्च होती. मग १९९० चा 'मानकुर्त', किर्गिझ लेखक चिंगीझ आइत्मातोव यांच्या कादंबरीतल्या दंतकथेवर. त्यात आयमेदोवा आई झाल्या आहेत. 'सून'मधली बाई न परतणाऱ्या माणसाची वाट बघते. इथे आईला मुलगा सापडतो, पण छळ करून त्याची स्मृती पुसून टाकलेली असते आणि तो तिला ओळखतच नाही.