‘रोज टेकडीवर जातो, फरक शून्य’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

आठवड्याला 120 मिनिटं निसर्गात घालवली की तब्येत आणि मन ताजं राहतं, असं मी लेखात लिहिलं होतं. त्यावर तुमच्या दोन हरकती: ‘आठवड्याला 120 मिनिटं’ हा आकडा हवेतला आहे, आणि रोज तासभर पुण्यातल्या वेताळ टेकडीवर चालूनही दुपारी ऑफिसात डोकं जडच, म्हणजे हे सगळं मानण्यावर आहे.

पहिली अर्धी मान्य. आकडा 2019 साली प्रसिद्ध झालेल्या, इंग्लंडमधल्या सुमारे 20 हजार लोकांच्या पाहणीतला आहे. पण ती पाहणी होती, प्रयोग नव्हे. धडधाकट माणसंच जास्त बाहेर पडत असतील, ही शंका तिने पुरती फिटत नाही. लेखात तो औषधाच्या डोससारखा दिला, ते चुकलं.

दुसरीचं उत्तर तुम्हीच ओझरतं लिहून गेलात: ‘चालताना पॉडकास्टही ऐकून होतात.’ रेचल आणि स्टीफन कॅप्लन या मानसशास्त्रज्ञांची मांडणी अशी, की नको ते बाजूला सारून मुद्दाम लावावं लागणारं लक्ष वापरून दमतं. पानांची सळसळ, ढग, पाखरं मन ओढतात, पण जोर लावायला लावत नाहीत. तेवढ्यात दमलेलं लक्ष सावरतं. पॉडकास्ट समजून घ्यायला तेच लक्ष खर्ची पडतं. पाय टेकडीवर, डोकं मीटिंगमध्ये!

‘मानण्यावर’ म्हणाल, तर मिशिगन विद्यापीठाचा 2008 चा प्रयोग बघा. तीच माणसं एकदा झाडांच्या बागेत, एकदा गजबजलेल्या रस्त्यावर सुमारे 50 मिनिटं चालली. आकडे उलट्या क्रमाने सांगायची चाचणी बागेनंतर सुधारली, रस्त्यानंतर तशी नाही. जानेवारीच्या कडाक्यात चाललेल्यांना मजा आली नाही, फायदा मात्र तेवढाच झाला. माणसं जेमतेम 38 होती, हेही खरं.

तीच चाचणी घरी करता येते. कुणीतरी सेकंदाला एक या गतीने तीन आकडे वाचावेत, तुम्ही उलटे सांगा. प्रत्येक लांबीला दोन संधी. जमलं की एक आकडा वाढवा, दोन्ही चुकले की थांबा. फिरण्याआधी आणि परतल्यावर लगेच, चहा न घेता. एक दिवस टेकडी, एक दिवस गजबजलेला कर्वे रस्ता, दोन्हीकडे इयरफोन घरी. आकडे दर वेळी नवे हवेत. सरावानेही गुण वाढतात, म्हणून दुसऱ्या आठवड्यात क्रम फिरवून आधी रस्ता घ्या. नाहीतर सरावाचं श्रेय टेकडीला जाईल.

झोप पाचच तासांची होत असेल, तर आधी ती वाढवा. तो थकवा टेकडीवर फिटत नाही.